होर्हे भले आणि पेद्रो बुरे

एका मित्राचं आडनाव 'भले' आणि दुसऱ्याचं 'बुरे' असेल, तर पुढे काय होणार हे सांगायला ज्योतिषी लागत नाही. भले सरळ निघणार, बुरे दगा देणार. १९५३ साली पडद्यावर आलेल्या एका मेक्सिकन चित्रपटाने हीच सोपी अपेक्षा प्रेक्षकांच्या हातात ठेवली आणि मग जवळपास दोन तास त्यांची मजा बघितली. होर्हे बुएनो आणि पेद्रो मालो ही ती दोन नावं. स्पॅनिशमध्ये बुएनो म्हणजे चांगला, मालो म्हणजे वाईट. चित्रपटाचं नाव 'दोस तिपोस दे कुइदादो'. मराठीत सांगायचं तर 'यांच्यापासून जरा जपूनच' अशा छापाचे दोन इसम.

आता तुम्ही म्हणाल, कृष्णधवल मेक्सिकन चित्रपट याला कुठून सापडला? तर आमच्या प्रोजेक्टची अर्धी टीम ग्वादालाहाराला बसते. पुणे आणि ग्वादालाहारा यांच्यात साडेअकरा तासांचा फरक. आपल्याकडे संध्याकाळचे साडेसात वाजले की तिकडे सकाळचे आठ. आम्ही दमलेले, ते अजून कॉफी ढवळतायत. सगळे कॉलवर येईपर्यंतच्या पाच-सात मिनिटांत माझा बराचसा स्पॅनिश सांस्कृतिक अभ्यास झालेला आहे. मला जुन्या हिंदी चित्रपटांचं वेड आहे हे कळल्यावर तिकडचा एक सहकारी म्हणाला, मग तू आमच्या पेद्रो इन्फांते आणि होर्हे नेग्रेतेला एकत्र बघच. एकदाच एकत्र आलेत.

'एकदाच एकत्र' म्हटल्यावर माझे कान टवकारले. आपल्याकडे राज कपूर आणि दिलीपकुमार असे एकदाच एकत्र आले, १९४९ च्या 'अंदाज'मध्ये. आणि तिथेही भानगड लग्नाची आणि लग्नाआधीच्या मैत्रीचीच. हा योगायोग मला भारी आवडला. शनिवारी रात्री सबटायटल्स लावून आम्ही दोघं बसलो. आम्ही दोघं म्हणजे मी आणि बायको.

थोडी पार्श्वभूमी सांगतो, म्हणजे मजा कळेल. मेक्सिकोत 'कोमेदिया रांचेरा' नावाचा एक चित्रपटप्रकार आहे. रांच म्हणजे शेतीवाडी, गुरंढोरं, घोडे. मोठ्या काठाच्या टोप्या घातलेले घोडेस्वार, मारियाची वादक, गावची जत्रा, खिडकीखाली गाणी, थोडी मारामारी आणि शेवटी लग्न. १९३६ च्या 'आया एन एल रांचो ग्रांदे' या चित्रपटाने या प्रकाराला तुफान लोकप्रियता मिळवून दिली. पुढे दुसऱ्या महायुद्धात अमेरिकेने मेक्सिकोला कच्च्या फिल्मचा पुरवठा चालू ठेवला आणि अर्जेंटिनाचा आखडता घेतला. त्यामुळे स्पॅनिश बोलणाऱ्या सगळ्या जगाला चित्रपट पुरवायचं काम मेक्सिकोकडे आलं. तिकडचे लोक ज्याला 'सुवर्णकाळ' म्हणतात तो हाच.

या काळाचे दोन राजे. होर्हे नेग्रेते हा सैनिकी शाळेतून बाहेर पडलेला, ऑपेराचं रीतसर शिक्षण घेतलेला, ताठ मानेचा. १९४१ च्या 'आय हालिस्को, नो ते राहेस'ने तो घराघरात पोचला. कलाकारांच्या संघटनेचाही तो नेता होता. पेद्रो इन्फांते त्याच्या अगदी उलट. सिनालोआ प्रांतात वाढलेला, तरुणपणी सुतारकाम केलेला, आपल्या गल्लीतलाच वाटेल असा. १९४८ च्या 'नोसोत्रोस लोस पोब्रेस'मध्ये त्याने सुतारच रंगवला आणि गरीब मेक्सिकोने त्याला आपला मानलं. एक आदराचा, एक लाडका. या दोघांना एका चित्रपटात आणायचं काम इस्माएल रॉड्रिगेझ या दिग्दर्शकाने केलं, आणि दोघांना त्यांचीच नावं दिली. होर्हेला होर्हे, पेद्रोला पेद्रो.

गोष्ट अशी. होर्हे आणि पेद्रो जिवलग मित्र, दोघेही पक्के दिलफेक. होर्हेचं मन पेद्रोच्या मामे-चुलत नात्यातल्या रोझारिओवर, पेद्रोचं मन होर्हेच्या बहिणीवर, मारियावर. म्हणजे दोन्ही बाजूंनी मामला घरातलाच. मग होर्हे काही काळ गाव सोडून जातो. परत येतो तर रोझारिओचं लग्न झालेलं. कुणाशी? पेद्रोशी! मांडीवर तान्हं बाळ!

झालं. भले खवळतात. बुरे काहीतरी सांगायला बघतात, भले ऐकायलाच तयार नाहीत. होर्हे पेद्रोची जमेल तिथे कोंडी करतो, आपल्याला काही फरक पडत नाही हे दाखवायला एका जनरलच्या मुलीच्या मागे लागतो. इकडे पेद्रो लग्न झालेला बाप्या असूनही मारियाशी गोडगोड बोलायचं सोडत नाही, आणि त्याची बायको त्यावर फारशी कुरकुरही करत नाही. गावाने तोंडात बोटं घातलेली. रोझारिओचा बाप म्हणजे दोन एलियास, लेबनॉनहून आलेला व्यापारी. ही भूमिका कार्लोस ओरेयाना यांनी केली आहे आणि चित्रपटाची पटकथाही त्यांनी रॉड्रिगेझबरोबर लिहिली आहे. भर समारंभात जावयाचे प्रताप बघून या म्हाताऱ्याचे जे हाल होतात ते बघून आम्ही पोट धरून हसलो.

चित्रपटातला सगळ्यांत गाजलेला प्रसंग 'कोप्लास'चा. कोप्ला म्हणजे छोटं चार ओळींचं कडवं. भरल्या मैफिलीत, पाहुण्यांसमोर, हे दोघे एकमेकांवर कडव्यांमागून कडवी फेकतात. आपला कलगीतुराच म्हणा ना. संगीत मानुएल एस्पेरोनचं. वरून हसू, आतून खार. एक जण टोमणा मारतो, दुसरा तोच टोमणा उलटा फिरवून परत देतो. पाहुण्यांना वाटतं काय धमाल चालली आहे, आणि ज्यांना आतली गोष्ट माहीत आहे त्यांचा जीव वरखाली. एकाचा आवाज घोटून तयार केलेला, दुसऱ्याचा सहज ओघळणारा. एवढ्यासाठी तरी चित्रपट बघाच.

आता पुढचं वाचायच्या आधी इशारा: शेवट सांगणार आहे. ज्यांना आधी चित्रपट बघायचाय त्यांनी इथे थांबावं. (सत्तर वर्षं उलटून गेलेल्या चित्रपटाचा शेवट फोडला म्हणून कुणी रागावू नये!)

तर गोष्टीतली मेख अशी की बुरे दगाबाज नव्हतेच. रोझारिओवर राजधानीत असताना बलात्कार झालेला असतो. ती गरोदर राहते. तिची अब्रू जाऊ नये म्हणून पेद्रो तिच्याशी लग्न करतो. नावापुरतं. स्वतःचं मारियावरचं प्रेम बाजूला ठेवून, मित्राची शिवी आणि गावाची थुंकी झेलून. शेवटी तो होर्हेला एकट्याला गाठून खरं काय ते सांगतो आणि दोघे गळ्यात गळे घालून पुन्हा मित्र होतात. गाव आणखीच गोंधळतं. मग जोड्या आपापल्या जागी येतात. होर्हेला रोझारिओ, पेद्रोला मारिया. सुखान्त.

मला पेद्रो प्रचंड आवडला. दोन तास ज्याला लफंगा समजलो तोच एकटा सभ्य निघाला! नावावरून माणूस ठरवणाऱ्यांच्या चांगली मुस्कटात मारली आहे, असं काहीतरी मी बोललो. बायको काही बोलली नाही. उठून पाणी पिऊन आली आणि म्हणाली, "पेद्रो चांगला आहे रे. पण तिच्यावर काय गुदरलं ते होर्हेला कोणी सांगितलं? पेद्रोने. आणि मिठ्या कोणी मारल्या? त्या दोघांनी."

मी म्हटलं, "अगं, त्याशिवाय भांडण मिटणार कसं?"

"तेच तर. भांडण त्यांचं, मिटलं त्यांचं. तिचं काय होतं?"

इथे मला थोडं घरचं सांगावं लागेल. आमचं लग्न ठरण्याच्या आधी बायकोचा एक साखरपुडा मोडला होता. हे मला तिच्या घरच्यांनी किंवा मध्यस्थांनी सांगितलं नाही. आमच्या दुसऱ्या भेटीत, ऑर्डर घेणारा पोऱ्या टेबलापासून वळायच्या आत, तिने स्वतः सांगितलं. काय झालं, का झालं, सगळं. आणि मग म्हणाली, "आता हे तुला माहीत आहे. पण पुढे कुणाला सांगायचं की नाही ते मी ठरवणार." मला ते इतकं रास्त वाटलं की मी फक्त मान डोलावली. तेव्हापासून तो आमच्यातला नियम आहे. हा परिच्छेद मी तिला आधी वाचून दाखवला आहे. साखरपुडा मोडला एवढं लिही म्हणाली, का मोडला ते नको. म्हणून इथे तेवढंच.

लग्नानंतर दोनेक वर्षांनी नात्यातल्या एका मुंजीत एका काकूंनी मला बाजूला घेतलं. जिलेबीचं ताट हातात, आवाज एकदम खालचा. "तुला आधी माहीत होतं ना रे तिचं ते?" बायको चार पावलांवर उभी होती. मी म्हटलं, "काकू, ती काय, तिथेच उभी आहे. तिलाच विचारा की." काकूंना एकदम आठवलं की मठ्ठा आला की नाही ते बघायचं राहिलंय. त्या गेल्या त्या गेल्याच.

हा किस्सा मी इतकी वर्षं विनोद म्हणून सांगत आलो. चित्रपटानंतर बायको म्हणाली, "त्या काकूंनी मला कधीच विचारलं नाही. तुमच्या घरात कुणीच नाही विचारलं. वाईट नाहीत रे कुणी, मला माहीत आहे. मला बरं वाटावं म्हणूनच विचारत नाहीत. पण तुला विचारतात."

खरंच की. आजवर मला तिघांनी विचारलं असेल. तिला शून्य. आणि प्रश्न प्रत्येक वेळी एकच, 'तुला माहीत होतं ना?' म्हणजे नवऱ्याला माहीत असलं की फाईल बंद.

माझ्या इंजिनियर मेंदूला किडा चावला की तो रात्री दोन वाजेपर्यंत शोधत बसतो. आपल्याकडे पेद्रो-रोझारिओच्या लग्नाचं कायद्याने काय झालं असतं? १९५५ च्या हिंदू विवाह कायद्यात कलम १२ आहे, रद्द करता येण्याजोग्या लग्नांचं. त्यात एक कारण असं की लग्नाच्या वेळी बायको दुसऱ्या पुरुषापासून गरोदर होती. मात्र अटी आहेत. नवऱ्याला लग्नाच्या वेळी ते माहीत नसलं पाहिजे, लग्नानंतर एका वर्षाच्या आत त्याने कोर्टात जायला हवं, आणि कळल्यानंतर शरीरसंबंध आलेला नको. म्हणजे आपला पेद्रो पहिल्याच अटीत नापास. त्याला सगळं ठाऊक होतं, नव्हे, ठाऊक होतं म्हणूनच त्याने लग्न केलं! गंमत बघा, काकू आणि कायदा दोघांचाही पहिला प्रश्न तोच. नवऱ्याला माहीत होतं का?

आणखी एक तारीख माझ्या डोक्यात घर करून बसली. मेक्सिकोत बायकांना देशपातळीवर मतदानाचा हक्क देणारी घटनादुरुस्ती १७ ऑक्टोबर १९५३ ला झाली. हा चित्रपट लागला नोव्हेंबर १९५३ मध्ये. म्हणजे ज्या बायका थिएटरात बसून रोझारिओसाठी डोळे पुसत असतील, त्यांना देश कुणी चालवावा यावर मत देता येणार हे नुकतंच ठरलं होतं. रोझारिओला मात्र स्वतःच्या गावात स्वतःबद्दल दोन वाक्यं बोलायची सोय नव्हती. बोलली असती तर गावाने तिलाच दोष दिला असता, हे पेद्रोला, लेखकांना आणि प्रेक्षकांना सगळ्यांना माहीत होतं. त्यावर तर पूर्ण चित्रपट उभा आहे. पेद्रोची चूक अशी मला काढता येत नाही. त्या गावात, त्या काळात, त्याच्या हातात तेवढंच होतं. पण विनोदी चित्रपट म्हणून हसता हसता हेही दिसायला हवं की हा विनोद कशाच्या जिवावर चाललाय.

पडद्याबाहेर या दोन नटांची स्वतःची लग्नं म्हणजे तर याहून मोठा गुंता. नेग्रेतेचं पहिलं लग्न अभिनेत्री एलिसा क्रिस्तीशी. मग कित्येक वर्षं ग्लोरिया मारिन या अभिनेत्रीबरोबर. ऑक्टोबर १९५२ मध्ये त्याने मारिया फेलिक्सशी लग्न केलं. ही मेक्सिकोची सगळ्यांत मोठी तारका. दहाएक वर्षांपूर्वी एका चित्रपटाच्या सेटवर या दोघांचं अजिबात पटलं नव्हतं. तिचंही आधी लग्न झालेलं, संगीतकार अगुस्तिन लाराशी झालेलं तर देशभर गाजलेलं. म्हणजे नवऱ्याचा भूतकाळ आणि बायकोचा भूतकाळ, दोन्ही वर्तमानपत्रात छापून आलेले. लपवायला काही शिल्लकच नाही. संसार मात्र चौदा महिनेही टिकला नाही. 'दोस तिपोस' लागून महिना होतोय तोच, ५ डिसेंबर १९५३ ला, लॉस एंजेलिसमध्ये यकृताच्या आजाराने नेग्रेते गेला. वय ४२. म्हणून 'एकदाच एकत्र'.

इन्फांतेची गोष्ट वाचताना तर मी दचकलो. त्याची पहिली बायको मारिया लुइसा लेओन. लग्न १९३९ चं, म्हणजे तो कुणी नव्हता तेव्हाचं. १९५३ मध्ये, याच चित्रपटाच्या वर्षी, त्याने मेरिदा शहरात अभिनेत्री इर्मा दोरांतेसशी लग्न केलं. पहिल्या बायकोने कोर्टात धाव घेतली. आधीचा घटस्फोट कायदेशीर ठरला नाही, आणि एप्रिल १९५७ मध्ये मेक्सिकोच्या सर्वोच्च न्यायालयाच्या निकालाने इर्माबरोबरचं लग्न रद्दबातल झालं. त्यानंतर थोड्याच दिवसांत, १५ एप्रिलला, मेरिदाहून मेक्सिको सिटीला निघालेलं एक मालवाहू विमान उडताच कोसळलं. विमान चालवणाऱ्यांत पेद्रो इन्फांते होता. त्याला विमानाचं वेड होतं, आधीच्या एका अपघातानंतर डोक्यात धातूची पट्टीही बसवलेली होती. वय ३९. त्याच वर्षी 'तिसोक'साठी बर्लिनच्या महोत्सवात त्याला सर्वोत्कृष्ट अभिनेत्याचं पारितोषिक मिळालं. घ्यायला तो नव्हता.

चित्रपटात खरं कळलं की सगळ्या गाठी सुटतात, जोड्या जागच्या जागी. प्रत्यक्षात खरं सगळ्यांना माहीत असूनही दोन बायका कोर्टात उभ्या. मला वाटतं चित्रपटाने पसरवलेली ही एक गोड थाप आहे, की भूतकाळ म्हणजे एक रहस्य असतं आणि ते उघडलं की संपतं. आमच्या धंद्यात याला आम्ही लीगसी कोड म्हणतो. वीस वर्षांपूर्वी कुणीतरी लिहिलेला, कुणी हात लावत नाही, सगळे त्याच्या आजूबाजूने चालतात आणि एकमेकांना हळूच विचारतात, 'अरे, ते काय प्रकरण आहे?' ज्याने लिहिला तो माणूस त्याच मजल्यावर बसलेला असतो. त्याच्या टेबलाशी जाऊन विचारणं हा सगळ्यांत सरळ मार्ग, आणि तोच कुणी वापरत नाही.

त्या रात्री मी बायकोला विचारलं. आठ वर्षांत पहिल्यांदा. साखरपुडा का मोडला हे नव्हे, ते तिने तेव्हाच सांगितलं होतं. मी विचारलं, त्यानंतरचे सहा महिने कसे गेले? हे मला माहीत नव्हतं. तिने दीड वाजेपर्यंत सांगितलं. मध्ये एकदा हसलीसुद्धा. काय सांगितलं ते, नियमाप्रमाणे, इथे नाही.

झोपताना ती म्हणाली, "सगळ्यांच्या जोड्या लागल्या, गाणं झालं, पिक्चर संपला. ते बाळ राहिलंच की. ते मोठं झाल्यावर त्याला कोण सांगणार?"

मी म्हटलं, "पेद्रो सांगेल."

"नाही," ती म्हणाली. "या वेळी तिला सांगू दे."

ते बाळ आज सत्तरीच्या पुढे असेल. चित्रपट बघाच. कोप्लाससाठी बघा, दोन एलियाससाठी बघा. आणि बघून झाला की शेजारी बसलेल्या माणसाशी थोडं बोला.